झोफनी, योहान

झोफनी, योहान : (१३ मार्च १७३३–११ नोव्हेंबर १८१०). व्यक्तिचित्रे व नाट्यप्रसंगचित्रे यांसाठी प्रसिद्ध असलेला, जर्मनीत जन्मलेला ब्रिटिश चित्रकार. त्याचा जन्म फ्रँकफुर्टजवळ झाला. रोममध्ये आगोस्तीनो माझूच्ची याच्याकडे शिकून आणि ट्रीरच्या धर्माधिपतीच्या दरबारी काही काळ काम करून तो १७६० मध्ये लंडनला आला. आरंभी तो घड्याळांच्या तबकड्या रंगवी. पुढे बेंजामिन विल्सन या चित्रकाराचा साहाय्यक झाला. तेथेच नट डेव्हिड गॅरिकचे लक्ष त्याच्याकडे गेले.

गॅरिकच्या भूमिकांवरील चित्रांनी त्याची कीर्ती झाली. ‘व्हेनिस प्रिझर्व्ह्ड’ नाटकातील गॅरिक व नटी सिबर बाई यांचा प्रसंग (सु. १७६२-६३) आणि १७७० मध्ये रॉयल अकादमी या लंडनमधील कलासंस्थेत मांडलेले ‘द अल्केमिस्ट’ ही त्यांतील प्रमुख होत. त्यांच्या मेझोटिंट (धातूच्या पत्र्यावरील कोरीव ठशाने छापलेल्या) प्रती निघून नटाची व चित्रकाराची प्रसिद्धी बरोबरच वाढली. नाट्यप्रसंगचित्र या प्रकाराचे जनकत्व मात्र त्याला देता येत नाही. इंग्रज चित्रकार होगार्थने १७२८ च्या सुमारास ‘द बेगर्स ऑपेरा’चा प्रसंग रंगविला होता, तर चित्रकार हेमन व विल्सन यांनीही गॅरिकला भूमिकेत चितारले होते. विल्सनचे ऋण अभ्यासक कमीअधिक मानतात; तथापि नटांच्या चेहऱ्यांशी असलेले साम्य न गमावता प्रसंगातील ताण टिपण्याचे कौशल्य झोफनीचे स्वतःचे होते, असे मानणे अधिक सयुक्तिक वाटते. ही चित्रे प्रत्यक्ष प्रयोगाचा पुरावा मानावीत का, हाही वादाचा विषय आहे. ‘मॅक्बेथ’च्या चित्रात (सु. १७६८) गॅरिक अठराव्या शतकातील पोशाखात दिसतो, त्या काळच्या रंगभूमीवरील प्रघाताशी हे जुळते, म्हणून वेशभूषेबाबत त्यांची साक्ष बरीच भरवशाची ठरते. परंतु नट चित्रकारासमोर स्वतंत्रपणे बसत आणि चित्राची मांडणी चित्रकार करी. त्यामुळे पात्रांची जागा व प्रकाशयोजना यांबाबत सावधगिरी बाळगणे इष्ट.

ब्रिटनचा राजा तिसरा जॉर्ज याच्या नियुक्तीने तो १७६९ मध्ये रॉयल अकादमीचा सदस्य झाला. अकादमीच्या सदस्यांच्या समूहचित्रात (१७७१-७२) नग्न प्रतिमान-अभ्यासाच्या वर्गात स्त्रियांना मज्जाव असल्याने अँजेलिका काउफमान व मेरी मोझर या दोघी सदस्या भिंतीवरील व्यक्तिचित्रांच्या रूपानेच दिसतात. राणी शार्लटने त्याला फ्लॉरेन्सला पाठविले. तेथील उफ्फीत्सी कलासंग्रहालयाच्या एका दालनाचे ‘उफ्फीत्सीची ट्रिब्युना’ हे चित्र त्याने रंगविले; त्यातील इंग्रज प्रवाशांची गर्दी तिला रुचली नाही आणि राजाश्रय ओसरला.

१७८३ मध्ये तो भारतात आला. कलकत्ता व लखनौ येथे वॉरन हेस्टिंग्ज, अवधचा नवाब असफउद्दौला आणि लखनौतील फ्रेंच अधिकारी क्लोद मार्तँ यांची चित्रे त्याने काढली. ‘कर्नल मॉर्डन्टची कोंबड्यांची झुंज’ या लखनौच्या चित्रातील गर्दीची मांडणी एखाद्या नाट्यप्रवेशासारखी आहे. कलकत्त्याच्या सेंट जॉन चर्चसाठी त्याने १७८७ मध्ये ‘अंतिम भोजन’ रंगविले. त्यातील येशू ख्रिस्ताच्या शिष्यांना तेथील रहिवाशांचे चेहरे दिल्याचे सांगितले जाते. १७८९ मध्ये तो इंग्लंडला परतला. लंडनजवळील स्ट्रँड-ऑन-द-ग्रीन येथे त्याचे निधन झाले. लखनौतील स्विस वंशाचा अधिकारी कर्नल पोलिए व त्याचे मित्र यांचे त्याने काढलेले चित्र कोलकात्याच्या व्हिक्टोरिया मेमोरियलमध्ये आहे.