धोटा, शटल आणि 'लागणे'
सोलापुरात आमच्या घरी पूर्वी पुढच्या खोलीत दोन माग होते, चादरीचे. आता बंदच आहेत पण एक धोटा, म्हणजे मागावर आडवा दोरा इकडून तिकडं नेणारा, शोकेसमध्ये ठेवलाय, लाकडी, दोन्ही टोकांना लोखंडी टोपी, मधल्या खाचेत दोरा गुंडाळलेली कांडी बसते. परवा भाच्यानं तो हातात घेतला, हे काय म्हणाला. म्हटलं शटल. तो हसायलाच लागला, "काय मामा, शटल पिसांचं असतंय."

खरं तर दोघंही बरोबर. जुन्या इंग्रजीत या शब्दाचा अर्थ होता बाण, फेकून मारायचं हत्यार, 'शूट'च्याच खानदानातला शब्द. पुढं विणकरांनी तो उचलला, कारण धोटा ताण्याच्या, म्हणजे उभ्या दोऱ्यांमधून बाणासारखाच सुटतो. पण बाण गेला की गेला, धोटा मात्र परत येतो, मग लोकांनी फेकणं सोडून दिलं आणि ये-जा तेवढी धरली. त्यातून बॅडमिंटनचं शटल, त्यातून जवळच्या दोन स्टेशनांत फेऱ्या मारणारी शटल गाडी, आणि १९८१ ते २०११ अंतराळात जाऊन परत येणारं नासाचं स्पेस शटल. अर्थ बदलतो तो असा, दरवेळी जुन्यातलं एक काहीतरी धरायचं आणि बाकीचं सोडायचं.

'क्लू' पण सुतातलाच. मूळ अर्थ दोऱ्याचा गुंडा. ग्रीक कथेतला थिसिअस भुलभुलैयातून दोरा धरून बाहेर आला, म्हणून कोडं सोडवायला मदत करतो तो क्लू. आपल्याकडं पोलिसांना धागेदोरे सापडतात, ते काय इंग्रजांना विचारून नाही! आणि 'डिअर' म्हणजे आधी कुठलंही जनावर, नंतर फक्त हरीण. आपला मृग सेम टू सेम, मृगया म्हणजे काय एकट्या हरणाची शिकार नव्हे.

हे झाले जुने शब्द, पण खरी गंमत रोजच्या शब्दांत आहे. ऑक्सफर्डच्या मोठ्या डिक्शनरीच्या १९८९च्या आवृत्तीत एकट्या 'सेट' या क्रियापदाचे ४३० अर्थ दिलेत. हार्वर्डच्या जॉर्ज झिफनं १९४५ मध्ये याचा हिशोबच मांडला, शब्द जितका जास्त वापरात तितके त्याचे अर्थ जास्त, पण वाढतात वर्गमुळाच्या चालीनं, म्हणजे वापर शंभरपट असेल तर अर्थ साधारण दहापट. आपलं 'लागणे' घ्या की. भूक लागते, ठेच लागते, नोकरी लागते, दूध भांड्याला लागतं, गड्ड्याच्या जत्रेच्या गर्दीत पार्क चौकातून निघायला तास लागतो, आणि कुणाचाच घोटाळा होत नाही.

का होत नाही? १९७९ मध्ये डेव्हिड स्विनी या मानसशास्त्रज्ञानं हे तपासलं. लोकांच्या कानात एक वाक्य सोडलं, खोलीच्या कोपऱ्यात कोळी, झुरळं आणि इतर 'बग्ज' सापडले असं काहीतरी. इंग्रजीत बग म्हणजे किडा, आणि चोरून ऐकायचं यंत्र पण. 'बग्ज' कानावर पडलं त्याच क्षणी समोर पडद्यावर एक शब्द दाखवायचा आणि हा खरा शब्द आहे का ते बटण दाबून सांगायचं. मुंगी हा शब्द लोकांनी पटकन ओळखला, त्यात नवल नाही, पण हेर हा शब्द पण तितकाच पटकन ओळखला! शिवणे असला संबंध नसलेला शब्द मात्र हळू. म्हणजे झुरळं ऐकूनसुद्धा डोकं दोन्ही अर्थ उघडतं. तोच शब्द जरा उशिरा, दोन-तीन अक्षरं पुढं गेल्यावर दाखवला तर फक्त मुंगीच पटकन, हेर गायब. एवढ्या वेळात निवड उरकलेली असते आणि आपल्याला पत्तासुद्धा नसतो.

भाच्याच्या डोक्यात धोटा उघडलाच नाही, कारण तो तिथं नव्हताच. आता आहे. तो धोटा रॅकेटवर ठेवून उडवायला बघत होता तेवढ्यात आई आतून ओरडली, कांड्या भरण्यात जन्म गेलाय तिचा, "शटल-बिटल काय, धोटा म्हण त्याला. आणि खाली ठेव बघू, टोक लागतंय."