पियानोचे झाकण आणि गायकाचा आवाज

गायक आणि पियानो यांच्या मैफलीची तयारी सुरू झाली की एका प्रश्नावर हमखास वाद होतो: झाकण पूर्ण उघडायचे, थोडेसे टेकवायचे की मिटूनच टाकायचे? या वादाचे मूळ वाद्याच्या बांधणीत आहे.

व्हिएन्नातल्या एका १७ वर्षांच्या संगीतकाराने १८१४ साली सूत कातणाऱ्या मुलीचे गीत रचले. त्यात पियानो चरख्यासारखा फिरत राहतो. प्रियकराच्या चुंबनाची आठवण येताच तो थबकतो आणि मग अडखळत पुन्हा चालू होतो. इथे पियानोचा आवाज दाबला तर अर्धी कथाच पुसली जाते. मात्र तेव्हाच्या पियानोची चौकट लाकडी, तारांवर आपटणाऱ्या हातोड्यांवर कातडे आणि नाद लवकर विरणारा. ऐकणारेही दिवाणखान्यात मावतील इतकेच.

पुढे वाद्य पार बदलले आणि त्याचा नाद वाढला. १८२५ मध्ये बोस्टनला ओतीव लोखंडी चौकटीचे पेटंट घेतले गेले. १८५९ मध्ये न्यूयॉर्कच्या एका कारखान्याने ग्रँड पियानोत खर्जाच्या तारा इतर तारांवरून तिरप्या नेल्या. आजच्या मोठ्या पियानोत तारांचा एकूण ताण २० टनांच्या घरात असतो. गीते मात्र तीच राहिली, आणि दिवाणखान्यातून सभागृहात आली. तेव्हा गायकाचा आवाज बुडेल या धास्तीने झाकण मिटले गेले. विसाव्या शतकातल्या गायकांना पियानोची साथ करणाऱ्या एका नामवंत इंग्रज वादकाने तर 'माझा आवाज फार मोठा होतोय का?' हा प्रश्नच १९६२ च्या आत्मकथनाला शीर्षक म्हणून दिला.

झाकण मिटून साधते काय? ध्वनिफलक, म्हणजे तारांचा नाद वाढवणारी लाकडी फळी, खालूनही नाद सोडतो, त्यामुळे खर्ज बराचसा तसाच राहतो आणि वरचे, स्पष्टता देणारे स्वरांश बुजतात. वादकाला स्वतःचेच नीट ऐकू येत नाही, मग तो बोटांवर जोर देतो. शिवाय ऑपेराच्या तालमीत तयार झालेल्या पुरुषी आवाजाची धार ३००० हर्ट्झच्या आसपास असते, पियानोचे बळ त्याच्या बरेच खाली. आवाज झाकोळतो तो बहुतेकदा खर्ज वाजवणाऱ्या डाव्या हातामुळे आणि नाद लांबवणारे पेडल फार वेळ दाबून धरल्यामुळे. झाकणाला उगाच दोष मिळतो. हलक्या आवाजाच्या, मधल्या पट्टीत गाणाऱ्या गायिकेची तक्रार खरी असू शकते. तिच्यासाठी झाकण थोडे टेकवणे ठीक. सरसकट मिटण्याची रीत मात्र सवयीची आहे.

गेल्या काही दशकांत कातडी हातोड्यांचे पियानो, जुने आणि जुन्या बेताने नव्याने घडवलेले, याच गीतांसाठी पुन्हा वाजू लागले आहेत. त्यांचे झाकण सताड उघडे ठेवले तरी गायकाला आवाज चढवावा लागत नाही.