बोव्हिल्ये, आंत्वान

आंत्वान बोव्हिल्ये (१७५४–१८१७) : पॅरिसमधील नामवंत उपाहारगृहचालक व पाकशास्त्रावरील ग्रंथकार. सोळाव्या लुईचा भाऊ, प्रोव्हान्सचा काउंट (पुढे राजा अठरावा लुई), याच्या मुदपाकखान्यात ते अधिकारी होते. ही चाकरी सोडून त्यांनी ‘ला ग्रांद ताव्हर्न द लाँद्र’ हे उपाहारगृह काढले. नाव लंडनचे असले, तरी स्वयंपाक अस्सल फ्रेंच होता. त्या काळी पॅरिसच्या उच्चभ्रू वर्गाला इंग्रजी रीतींचे वेड होते.

हे उपाहारगृह नेमके कधी सुरू झाले, याबाबत एकमत नाही. फ्रेंच पाकलेखक ब्रिया-साव्हारँ १७८२ च्या सुमाराचा काळ देतात. ते समकालीन व स्वतः जेवून आलेले, म्हणून हे साल पुढे बहुतेकांनी उचलले. काही लेखक मात्र पाले-र्वायाल या पॅरिसमधील राजवाड्याच्या कमानींखालची जागा ही पहिली मानतात व १७८६ हे वर्ष देतात. या कमानींचे बांधकाम १७८४ च्या सुमारास पुरे होत आले, तेव्हा १७८२ मध्ये तेथे दुकान थाटलेले असणे कठीण दिसते. १७८२ हे साल स्वीकारायचे, तर पहिली जागा जवळच्या रिश्ल्य रस्त्यावर मानणे अधिक सयुक्तिक ठरेल.

याहून मोठा वाद या धंद्याच्याच उगमाचा आहे. ‘रेस्टोराँ’ हे मुळात एका साराचे नाव. मांस मंद आचेवर तासन्‌तास आटवून काढलेले हे सार अशक्त माणसाला उभारी देते, असा समज होता. ‘पूर्ववत करणे’ या अर्थाच्या क्रियापदावरून ते नाव पडले. असे सार विकणारा तो ‘रेस्टोरातर’. या शब्दात ‘न’ नाही, ही गोष्ट इंग्रजीच्या वळणाने लिहिताना अनेकदा सुटते. जुन्या संदर्भग्रंथांत पहिला मान बुलांजे नावाच्या विक्रेत्याला मिळतो. त्याने १७६५ मध्ये लूव्हरजवळ सार विकता विकता पांढऱ्या रश्शातले मेंढीचे पायही ठेवले. शिजवलेले मांस विकण्याचा हक्क सांगणाऱ्या त्रेतरांच्या श्रेणीने (व्यवसाय-संघाने) त्याच्यावर दावा लावला, पण बुलांजेच जिंकला, अशी ही कथा. इतिहासकार रिबेका स्पँग यांना अभिलेखागारांत या खटल्याचा मागमूस लागला नाही. त्या हे श्रेय माथ्युरँ रोझ द शाँत्वाझो या खटपट्या व्यापाऱ्याला देतात व काळ १७६६ च्या आसपासचा धरतात. कागदपत्रांचा आधार असल्याने हे मत अधिक ग्राह्य वाटते.

राज्यक्रांतीनंतर सरदारांचे आचारी बेकार झाले आणि त्यांनी उपाहारगृहे काढली, असेही सर्रास लिहिले जाते. काँदेच्या राजपुत्राकडून आलेल्या मेओ या आचाऱ्यासारख्यांच्या बाबतीत ते खरे आहे. पण बोव्हिल्ये १७८९ च्या आधीच जम बसवून होते. राजघराण्यातली पक्की नोकरी त्यांनी कोणी काढले म्हणून सोडलेली नव्हती, हे त्यांचे मोठे धाडस.

उपाहारगृहे येण्यापूर्वी पॅरिसमध्ये बाहेर जेवायचे म्हणजे ‘ताब्ल दोत’. आपल्याकडील खानावळीसारखा हा प्रकार : ठरलेली वेळ, एकच लांब टेबल, समोर येईल ते जेवण. उपाहारगृहात स्वतंत्र टेबल, हवी ती वेळ आणि किमतीसह छापलेली पदार्थांची यादी मिळू लागली. बोव्हिल्ये यांनी याला दरबारी थाट जोडला. ब्रिया-साव्हारँ यांच्या मते देखणे दालन, नीटनेटक्या पोशाखातले वाढपी, निगुतीने राखलेले मद्याचे तळघर आणि उत्तम स्वयंपाक या चारही गोष्टी प्रथम त्यांनीच एकत्र आणल्या. फ्रान्सिस ब्लॅग्डन या इंग्रज प्रवाशाने १८०१-०२ च्या सुमारास त्यांची यादी पाहून पदार्थ मोजले : सूप १३ प्रकारचे, मासे २३, वासराच्या मांसाचे २२ पदार्थ, मेंढीच्या मांसाचे १७, आणि मद्ये ५२.

पण गिऱ्हाईक परत येई ते मालकासाठी. एकदोनदाच जेवून गेलेल्या माणसाला ते वीस वर्षांनीही ओळखत व नावाने स्वागत करत. बडी मंडळी टेबलाशी बसली की ते स्वतः येत, स्त्रियांच्या हाताचे चुंबन घेत, अमुक पदार्थ आज नको म्हणत, तमुक संपायच्या आत घ्या असे सुचवत, आणि कोणाच्या ध्यानीमनी नसलेला तिसराच पदार्थ मागवत. तळघराची किल्ली त्यांच्याचपाशी असे. तेथून एखादी बाटली वर येई. हा सारा प्रकार एखाद्या सरदाराच्या घरचे आतिथ्य वाटावा असा. मग यजमान दिसेनासे होत आणि बिल आले की आपण कोठे जेवलो ते कळे. कमरेला तलवार लावून ते पाहुण्यांना सामोरे जात, असेही सांगतात. काउंटच्या सेवेतील पदामुळे तो अधिकार त्यांना होता, हे लक्षात घेता ही आख्यायिका अगदीच निराधार म्हणता येत नाही.

क्रांतीच्या धामधुमीत धंद्याला खीळ बसली. पुढे तो पुन्हा उभा राहिला. १८१४-१५ मध्ये परकी फौजा पॅरिसमध्ये असताना त्यांच्या दाराशी सर्व देशांच्या गाड्या उभ्या असत. सेनाधिकाऱ्यांशी त्यांची ओळख होती आणि धंद्यापुरत्या त्यांच्या भाषाही ते बोलू लागले होते.

१८१४ मध्येच त्यांचा ‘लार द्यु क्विझिन्ये’ (आचाऱ्याची कला) हा द्विखंडात्मक ग्रंथ प्रसिद्ध झाला. त्यात पाककृतींबरोबर घरच्या जेवणाची सिद्धता, साठवण व मद्ये यांचाही विचार आहे. वयाच्या साठीत, रोजचा धंदा सांभाळून त्यांनी हे काम केले. त्यांनी बऱ्याचदा पैसा मिळवला, घालवला आणि पुन्हा मिळवला. मृत्यूनंतर मागे फार संपत्ती राहिली नसावी, असे ब्रिया-साव्हारँ यांनी नमूद केले आहे.