‘बाई’ गळाली आणि सई उरली

दोन अक्षरं, जोडाक्षर नाही, हाक मारायला गोड. गेल्या पंचवीस-तीस वर्षांत मराठी घरांत मुलींना जी आखूड नावं ठेवली गेली, म्हणजे ईशा, रिया, रेवा, जुई, त्यांच्या रांगेत सई सहज मिसळून जाते. त्यामुळे तिला सगळे ‘मॉडर्न नाव’ म्हणतात. खरं तर या रांगेतली सगळ्यांत मुरलेली मराठी बाई तीच. नलिनी, सुनंदा, शैला ही नावं आपल्याला जुनी वाटतात ती आज्यांमुळे. शब्द म्हणून ती संस्कृतातून जशीच्या तशी उचललेली आहेत. सई मात्र लोकांच्या तोंडात झिजून तयार झाली.

मूळ शब्द सखी. संस्कृतातला दोन स्वरांमधला ‘ख’ प्राकृतात ‘ह’ होतो, हा जुना नियम. ‘लिख्’चं मराठीत ‘लिहिणे’ झालं ते त्याच नियमानं, आणि ‘मुख’चं हिंदीत ‘मुँह’ झालं तेही. तसंच सखीचं सही झालं. पुढं तो ‘ह’सुद्धा विरला आणि सई उरली. आपण घाईत ‘नाही’चं ‘नाई’ करतो, तितकीच ही सहज गोष्ट. शेजारच्या भाषांतही या शब्दाचे सगेसोयरे सापडतात. हिंदीतली सहेली, गुजरातीतली गरबा खेळणारी सैयर, आणि बंगालीतली तर थेट ‘सई’च. तिचा उच्चार ‘शोई’च्या जवळ जातो एवढंच. बंगालमध्ये दोघी मुलींनी रीतसर मैत्रीचं नातं जोडायची जुनी पद्धत होती. तिला ‘सई पातानो’ म्हणजे सईचं नातं जोडणं असं नाव आहे. नातं मांडायचं, सणाला एकमेकींकडे भेट पाठवायची, आणि मग जन्मभर एकमेकींना नावानं नाही, ‘सई’ म्हणून हाक मारायची.

मराठीत हा शब्द रोजच्या गद्यातून कधीच उठून गेला. कुणी ‘माझी सई आली होती’ असं म्हणत नाही, मैत्रीण म्हणतात. पण त्याचं संबोधन बायकांच्या गाण्यांनी जपून ठेवलं. ‘सये’ आणि ‘सयांनो’ या हाका जात्यावरच्या ओव्यांमधून, लावण्यांमधून आणि पुढं भावगीतांमधून येत राहिल्या. ज्यांना सई म्हणजे काय ते सांगता येत नाही, त्यांनाही ‘सये’ म्हटलं की कुणाशी बोलणं चाललंय ते बरोबर कळतं.

इथं एक अडचण मात्र प्रामाणिकपणे मांडायला हवी. हाल सातवाहनाच्या नावावर असलेला, महाराष्ट्री प्राकृतातला सुमारे सातशे गाथांचा संग्रह आपल्याला ‘गाथासप्तशती’ म्हणून माहीत आहे. त्यातल्या कितीतरी गाथा मैत्रिणीला उद्देशून आहेत. पण तिथं मैत्रिणीसाठी येतो तो शब्द ‘सही’. ‘सई’ हे रूप प्राकृतात सती या शब्दाचं! दोन स्वरांमधला ‘त’ गळतो, म्हणून सतीची सई आणि असतीची ‘असई’. इंद्राणीचं नाव शची, तिचंही प्राकृत रूप सईच होतं. म्हणजे नुसती अक्षरं धरली तर सईचे तीन अर्थ निघतात : मैत्रीण, पतिव्रता आणि इंद्राची राणी. नावांच्या याद्या छापणारे यांतला कुठलाही उचलतात, आणि शिवाय ‘फूल’ असा एक चौथा अर्थही पदरचा देतात. तो बहुधा जाई-जुईच्या नादानं चिकटला असावा. माझा कौल सखीलाच. मराठीत आल्यावर सती शब्द संस्कृत रूपातच वापरला गेला आणि शची पोथीतच राहिली. बायकांच्या ओठांवर खेळत राहिली ती ‘सये’, आणि हाका मारायची नावं पोथीपेक्षा ओठांवरूनच येतात.

हे नाव मराठी माणसाला पहिल्यांदा भेटतं ते मात्र इतिहासाच्या पुस्तकात. फलटणच्या नाईक-निंबाळकर घराण्यातल्या सईबाईंचं शिवाजी महाराजांशी १६४० मध्ये पुण्यात लग्न झालं. त्या महाराजांच्या पहिल्या पत्नी. १४ मे १६५७ रोजी पुरंदरावर संभाजीराजांचा जन्म झाला. त्यानंतर सईबाईंची तब्येत ढासळत गेली आणि ५ सप्टेंबर १६५९ रोजी राजगडावर त्यांचं निधन झालं. प्रतापगडाखाली अफजलखानाशी भेट झाली ती १० नोव्हेंबरला, म्हणजे अवघ्या दोन महिन्यांनी. राजगडाच्या पायथ्याला पाल खुर्द इथं त्यांची समाधी आहे.

महाराजांच्या घरातली नावं एका ओळीत वाचून बघावीत : सई, सोयरा, पुतळा, सकवार, सगुणा, गुणवंता. यांतली सई म्हणजे मैत्रीण, सोयरा म्हणजे नात्यातली, आणि पुतळा म्हटलं की गळ्यातल्या पुतळ्यांची माळ आठवते. राजघराण्यातली नावं म्हणून त्यांच्यावर काही मुलामा नाही. ओसरीवर, परसात, जात्यापाशी बोलली जाणारी ही मराठी. सईबाईंच्या थोरल्या मुलीचं नाव सखूबाई. आईचं नाव झिजलेलं, मुलीचं जरा मुळाजवळचं, पण दोघींच्या नावात सखी एकच. संत चोखामेळ्यांच्या पत्नीचं नावही सोयराबाईच होतं, त्यामुळे ही नावं फक्त वाड्यांतली होती असं मानायचं कारण नाही.

मग मधल्या काळात सई गेली कुठं? एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात शिकलेल्या घरांना रखमा, ठकी, चिमा, सखू ही नावं गावंढळ वाटायला लागली. लग्नात मुलीचं नाव बदलायची रीत होतीच. न्यायमूर्ती रानड्यांच्या पत्नी रमाबाई माहेरच्या यमुना, आणि पहिल्या मराठी महिला डॉक्टर आनंदीबाई जोशी याही माहेरच्या यमुनाच. ताम्हणात तांदूळ पसरून त्यावर अंगठीनं नवं नाव लिहिताना कुणी ठकी लिहीत नसे. शाळेच्या हजेरीपटावर तर संस्कृत नावांची लाटच आली. आधी कमला, विमला, नलिनी, मग सुनंदा, मंगला, पुढं वैशाली, स्वाती, मनीषा. झिजलेल्या मराठी नावांना त्या पटावर जागा उरली नाही. आणि सईबाई तर ‘बाई’ला इतकी घट्ट बांधलेली होती की नुसतं ‘सई’ हे नाव असू शकतं, हेच सुचणं अवघड.

ते सुचल्याचं एक ठळक उदाहरण १९३८ सालचं. त्या वर्षी १९ मार्चला लखनौमध्ये शकुंतला परांजपे यांना मुलगी झाली. गणितज्ञ रँग्लर र. पु. परांजप्यांची ही नात, वडील रशियन चित्रकार. अशा घरात मुलीचं नाव ठेवलं गेलं सई. (लखनौच्या परिसरातून सई नावाची एक नदीही वाहते, ती पुढं उत्तर प्रदेशातल्याच रायबरेली, प्रतापगडकडून जाऊन गोमतीला मिळते. दोन्हींची गाठ मारायचा मोह होतो, पण त्या नदीचं नाव स्यंदिकेवरून आलेलं मानतात. तिचा सखीशी संबंध नाही.) पुढं ‘स्पर्श’, ‘चश्मेबद्दूर’ आणि ‘कथा’ या चित्रपटांची दिग्दर्शिका म्हणून सई परांजपे हे नाव देशभर गेलं आणि मराठी घरांना ‘बाई’ न लावलेली सई डोळ्यांसमोर दिसली. हुशार, मिश्किल, आपल्या मनाचं करणारी. नावाला चेहरा लागतो, तो असा मिळाला.

त्यानंतरचा प्रवास चटकन सांगता येतो. सांगलीच्या सई ताम्हणकर यांचा जन्म १९८६ चा, म्हणजे तोवर हे नाव पुण्या-मुंबईच्या ठरावीक घरांपुरतं उरलेलं नव्हतं. २०१३ च्या ‘दुनियादारी’नंतर त्या घराघरांत पोचल्या आणि नावही. २०१८ मध्ये ‘बिग बॉस मराठी’च्या पहिल्या पर्वात सई लोकूर होत्या, २०१९ मध्ये सई मांजरेकर हिंदीत आल्या. २०२० साल तर सईचंच म्हणायला हवं. झी मराठीवर ‘माझा होशील ना’ची नायिका सई बिराजदार, आणि त्याच वर्षी स्टार प्लसवर ‘गुम है किसी के प्यार में’ची नायिका सई जोशी, गडचिरोलीची. लॉकडाऊनमध्ये घरी बसलेल्या लोकांनी रोज संध्याकाळी हे नाव ऐकलं, आणि हिंदी प्रेक्षकांना ते ‘साई’ नाही, हेही कळलं.

हा गोंधळ बारीक नाही. रोमन लिपीत एस-ए-आय लिहिलं की मराठीबाहेरचा माणूस शिर्डीचे साई वाचतो. दक्षिणेत साई हे मुलांच्या नावात सर्रास येतं, मुलींच्याही येतं. अभिनेत्री साई पल्लवी आणि क्रिकेटपटू साई सुदर्शन ही तर सगळ्यांच्या ओळखीची नावं. तो साई स्वामी या अर्थाचा, त्याचं सखीशी काही नातं नाही. म्हणून आईबाप शेवटी दोन ‘ई’ जोडतात, कुणी ‘वाय’ घालतात, कुणी आय आणि ई दोन्ही. पुण्याबाहेर शिकायला गेलेल्या सईला पहिल्या दिवशी वर्गात ‘मिस्टर साई’ म्हणून हाक बसते ती बसतेच.

किती सया आहेत, हे आकड्यांत सांगायला अमेरिकेसारखी दरवर्षी जाहीर होणारी नावांची सरकारी क्रमवारी आपल्याकडे नाही. १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यानं जन्माची नोंद आधी होते आणि बाळाचं नाव नंतर घातलं तरी चालतं, बारा महिन्यांपर्यंत फी न भरता. तेवढी सवड असल्यानं दाखल्यावर नाव चढेपर्यंत आत्या, मावशी आणि व्हॉट्सअ‍ॅप ग्रुप यांची रस्सीखेच चालू राहते. लोकप्रियता ओळखायची तर बालवाडीच्या दारात उभं राहावं. एका वर्गात दोन सया असल्या की बाई त्यांना आडनावाच्या पहिल्या अक्षरानं हाक मारतात, आणि मग घरीही ती ‘सई के’ होते.

खेड्यात अजून एक सई आहे, तिचा या सगळ्याशी काडीचा संबंध नाही. स्वाक्षरीला आपण सही म्हणतो, तो शब्द अरबीतून आलेला. पण बोलताना तिथंही ‘ह’ विरतो. त्यामुळे प्रगतिपुस्तक पुढं करत नात सांगते, सई पाहिजे. आणि आजोबा चष्मा शोधता शोधता विचारतात, अगं तूच तर सई, मग आणखी कुठली आणू?