आठवणारा टॉम, आठवणींच्या तावडीतला विली

'द ग्लास मेनॅजरी' आणि 'डेथ ऑफ अ सेल्समन' ही दोन नाटकं आपल्याकडे एका दमात उच्चारली जातात आणि दोन्हींवर एकच शिक्का मारला जातो: 'फ्लॅशबॅक वापरणारी आठवणींची नाटकं'. शिबिरांत हेच, परीक्षेच्या नोट्समध्ये हेच, प्रयोगाआधी वाटल्या जाणाऱ्या कागदावरही हेच. मला त्याचा वीट आलाय. पहिल्या नाटकात फ्लॅशबॅक नाही, दुसऱ्यातही नाही, आणि तो नसण्याची कारणं एकमेकांच्या अगदी उलट आहेत.

घोळ का होतो ते कळतं. दोन्ही नाटकं मागेपुढेच आली. टेनेसी विल्यम्सचं 'मेनॅजरी' डिसेंबर १९४४ मध्ये शिकागोत आणि मार्च १९४५ मध्ये ब्रॉडवेवर; आर्थर मिलरचं 'सेल्समन' १० फेब्रुवारी १९४९ ला ब्रॉडवेच्या मोरोस्को थिएटरात. दोन्हींचं नेपथ्य जो मिल्झिनरचं, दोन्हींत आरपार दिसणारं घर, दोन्हींत पैशाची ओढाताण, घर धरून ठेवणारी आई आणि घरातून निसटू बघणारा मुलगा. बाकीचे फरक (सेंट लुईस की ब्रुकलिन, भाड्याची जागा की हप्त्यांवरचं स्वतःचं घर, पळून गेलेला बाप की घरभर व्यापलेला बाप) पहिल्या दहा मिनिटांत कुणालाही दिसतात. त्यांच्यावर शाई खर्च करत नाही.

'सेल्समन' तुम्हाला ठाऊक आहे असं धरून चालतो. ६३ वर्षांचा फिरता विक्रेता विली लोमन, बायको लिंडा, मुलगे बिफ आणि हॅपी, नोकरी जाणं, विम्याचे २०,००० डॉलर घरच्यांना मिळावेत म्हणून जीव द्यायला काढलेली शेवटची गाडी. गोष्ट राहू द्या. पहिल्या अंकातली एक बारीकशी जागा फक्त आठवा. विली अर्ध्या वाटेतून परत आलाय आणि लिंडाला सांगतोय, की गाडीची समोरची काच उघडली होती, छान ऊबदार वारा अंगावर येत होता. थोड्या वेळानं लिंडा सहज म्हणते, मग उघडत जा की काच. विली म्हणतो, नव्या गाड्यांची काच उघडत नाही. पण आज तर उघडली होतीस? इथे तो चपापतो. उघडली ती १९२८ च्या लाल शेव्हीची, म्हणजे त्याच्या जुन्या शेव्हरोले गाडीची काच होती.

सगळं नाटक या काचेत आहे. विली 'भूतकाळात जात' नाही. तो आजच्या गाडीत बसून कालची काच उघडतो, आणि ते करतोय याचा त्याला पत्ताही नसतो. फ्लॅशबॅकमध्ये वर्तमान थांबतं, आपण मागे जातो, बघून परत येतो. 'सेल्समन'मध्ये वर्तमान एकदाही थांबत नाही. शेजारी चार्लीबरोबर पत्ते खेळताना विलीचा थोरला भाऊ बेन येऊन उभा राहतो, विली दोघांशी एकाच वेळी बोलायला लागतो आणि समोरचा चार्ली गोंधळतो, की हा मला बेन का म्हणतोय. त्या क्षणी टेबलावरचे पत्ते खरे आहेत, चार्ली खरा आहे, आणि बेनही विलीपुरता तितकाच खरा आहे. मिलरनं पुढे आपल्या नाटकांच्या संग्रहाच्या प्रस्तावनेत स्पष्टच लिहिलं, की या नाटकात फ्लॅशबॅक नाहीत. भूत आणि वर्तमान एकत्र, सरकत चालतात. नाटकाचं त्याच्या मनातलं आधीचं नावही 'त्याच्या डोक्याच्या आत' अशा अर्थाचं होतं. रंगमंचाच्या कमानीएवढा चेहरा उघडतो आणि आतलं डोकं दिसतं, अशी त्याची पहिली कल्पना होती.

त्यानं दिग्दर्शकाला एक साधा नियमही देऊन ठेवलाय. वर्तमानातली पात्रं घराच्या काल्पनिक भिंती पाळतात, दारातूनच येतात-जातात. भूतकाळातली पात्रं सरळ भिंतीतून चालत येतात. बस्स. एवढं असताना निळा प्रकाश, धूर आणि आवाजाला घुमारा देण्याची हौस कशासाठी? निळा दिवा लागला की प्रेक्षकाला कळतं, 'हां, हे जुनं आहे', आणि तो निवांत होतो. विलीला तो दिवा दिसत नाही, हेच तर त्याचं मरण आहे.

बरं, या सगळ्याला 'आठवणी' म्हणणंही पुरतं खरं नाही. शेवटाकडे विली रात्री परसात बी पेरत बेनशी विम्याच्या पैशांची चर्चा करतो. बेन तोवर मेलेला आहे. त्याची बातमी विलीनंच आधी चार्लीला सांगितलीय. हे संभाषण पूर्वी कधी घडलेलंच नाही. जे घडलंच नाही त्याचा फ्लॅशबॅक कुठून आणणार? आणि या पुराव्यावर विलीला स्मृतिभ्रंशाचा रुग्ण ठरवणाऱ्यांना एवढंच विचारावंसं वाटतं, की बॉस्टनच्या हॉटेलात बिफनं त्याला परक्या बाईबरोबर पाहिलं, ती एक गोष्ट तो इतकी वर्षं इतक्या कसोशीनं लांब कसा ठेवू शकला? उपाहारगृहाच्या प्रसंगात बिफ त्याला खरं सांगू बघतो, आणि नेमकं तेव्हाच चार्लीच्या मुलाचं, छोट्या बर्नार्डचं दार ठोठावणं, गणितात नापास झालेला बिफ, मग त्या बाईचं हसणं, असं सगळं उसळून वर येतं. वसुलीवाला नेमका पाहुणे बसलेले असताना दारात उभा राहतो, तसं.

आता 'मेनॅजरी'. इथे माणूस स्वतःहून आठवतोय. व्यापारी जहाजावरच्या खलाशाच्या कपड्यांत टॉम विंगफिल्ड लोखंडी जिन्यावर येतो आणि सुरुवातीलाच सांगून टाकतो, की हे आठवणींचं नाटक आहे, म्हणून उजेड अंधुक आहे, म्हणून हळवं आहे, म्हणून वास्तवाला धरून नाही. तो कुठून बोलतोय याचा नीट पत्ता नाही. घर वर्षांमागे सुटलंय. 'सेल्समन'मध्ये जो एक पक्का 'आज' आहे, तसा इथे जिन्यावरच्या टॉमपलीकडे नाहीच. भिंतीच्या आतलं सगळं, आई अमांडाची बडबड, बहीण लॉराची काचेची जनावरं, जेवणाचं टेबल, टॉमच्या डोक्यातून आलेलं. जेवतात तेही अन्न आणि काटे-चमचे नसताना, नुसत्या हातवाऱ्यांनी. पहिल्याच प्रसंगात अमांडा तरुणपणी ब्लू माउंटन गावी तिला भेटायला आलेल्या सतरा तरुण पाहुण्यांची कहाणी लावते, तेव्हा मुलगा म्हणून टेबलाशी असलेला टॉम खूण करून संगीत आणि तिच्यावर प्रकाश मागवतो. मुलगाही तोच आणि खेळ मांडणाराही तोच. विलीच्या हातात असं एकही बटण नाही.

यावरून टॉमला 'आपल्या सूत्रधारासारखा' म्हणतात, तेही मला पटत नाही. सूत्रधार गोष्टीत अडकलेला नसतो. टॉम हा आरोपी आहे आणि जबानीही तोच देतोय.

नेहमीचा आक्षेप इथे येतो: सगळं टॉमच्या आठवणीत आहे तर सातव्या प्रसंगाचं काय? मेणबत्तीच्या उजेडात लॉरा आणि टॉमनं जेवायला आणलेला जिम ओ'कॉनर एकटे बसतात, नाचतात, एकशिंग्या घोड्याचं शिंग तुटतं, जिम तिचं चुंबन घेतो आणि मग आपलं लग्न ठरल्यासारखंच आहे असं सांगतो. टॉम त्या खोलीत नव्हता. तो आईबरोबर स्वयंपाकघरात होता. मग हे त्याला आठवतं कसं? कित्येक जण याला विल्यम्सची चूक म्हणून सोडून देतात. काही जण तर 'इथे लेखक आठवणीचा नियम मोडतो' असं बक्षीस मिळाल्यासारखं लिहितात.

मला तो नाटकाचा गाभा वाटतो. टॉमनं जे पाहिलं ते त्याच्या डोक्यात तुकड्या-तुकड्यांत आहे: भांडणं, फेकलेला कोट, आईचं 'उठ, झळाळून उठ'. जे पाहिलं नाही तेच त्यानं इतक्या मायेनं, इतक्या तपशिलानं रचलंय. बहिणीच्या आयुष्यातली एकमेव बरी रात्र त्यानं तिला बनवून दिली, आणि त्याच रात्रीत तिला मोडूनही पाहिलं, कारण तो पाहुणा त्यानंच घरी आणला होता. विजेच्या बिलाचे पैसे खलाशांच्या संघटनेला भरून घरात अंधार करणाराही तोच. ती मेणबत्ती त्याच्यामुळेच लावावी लागली. विल्यम्सच्या सूचनांत अजून एक सांगणं आहे, जे प्रयोगांत सर्रास गाळलं जातं: टॉम आणि अमांडा कडाडून भांडत असतात तेव्हा सगळ्यात स्वच्छ प्रकाश गप्प बसलेल्या लॉरावर असावा. भांडणात तिचं काही काम नाही. पण आठवणाऱ्याची नजर तिथेच जाते, कारण भांडताना तेव्हा ती गेली नव्हती. विलीच्या बाबतीत असा प्रकाश देताच येणार नाही. त्याला कुणाकडे बघायचं ते निवडता येत नाही.

आणि 'सेल्समन'मध्ये याच्या नेमकं उलट आहे, ते बघा. विली नसताना घडणारे प्रसंग तिथे भरपूर आहेत: मुलगे वरच्या खोलीत बोलतात, विलीनं जीव द्यायला लपवून ठेवलेल्या गॅसच्या रबरी नळीबद्दल लिंडा त्यांना सांगते. ते विलीच्या डोक्यातले नाहीत, ते घडतायत. म्हणून विलीची खोटी गणितं आपल्याला पडताळून बघता येतात. तो विक्रीचा आकडा फुगवतो आणि लिंडासमोर तो उतरत जातो, तेव्हा आपण हिशोबाला साक्षी असतो. टॉमच्या हिशोबाला साक्षीदार कुणीच नाही. अमांडा खरंच इतकी जाच करणारी होती का? की घर सोडून गेलेल्या मुलाला तशी आई हवी होती? नाटकात याचं उत्तर मिळत नाही, पण शेवटी एक फट ठेवलीय. टॉमचं अखेरचं भाषण चालू असताना आत अमांडा लॉराची समजूत घालते, आवाज न येणाऱ्या काचेपलीकडून दिसावं तशी, आणि विल्यम्स लिहितो की तिचं बोलणं ऐकू येत नसल्यामुळे तिचा उथळपणा जाऊन तिला एक भारदस्त, करुण सौंदर्य येतं. हेही टॉमनं पाहिलेलं नाही.

म्हणून 'मेनॅजरी' हळवं आणि 'सेल्समन' कठोर, ही वाटणी मला मान्य नाही. मला विचाराल तर जास्त निर्दय नाटक विल्यम्सचं. विली मरतो आणि सुटतो. लॉराचं पुढे काय झालं हे टॉमला ठाऊक नाही, आणि आपल्यालाही कधी कळत नाही. विल्यम्सची बहीण रोझ हिच्यावर १९४३ मध्ये लोबोटॉमी, म्हणजे मेंदूची शस्त्रक्रिया झाली, हा तपशील सगळे सांगतात. सांगावा, पण लॉरा म्हणजे रोझ एवढ्यावर थांबू नये. लॉराचं दुखणं म्हणजे किंचित लंगडं चालणं आणि भयंकर संकोच, बाकी काही नाही. तिचा 'आजार' वाढवून दाखवला की टॉमचा अपराध आपोआप हलका होतो.

एक कोडं मात्र 'सेल्समन'चंच आहे. भिंतीतून चालणं हे विलीच्या डोक्यातल्या भूतकाळाचं लक्षण, असं नाटकभर पाळलं जातं. मग शेवटच्या 'रेक्विएम'मध्ये, म्हणजे विलीच्या कबरीपाशी घडणाऱ्या उपसंहारात, विली मेलेला असताना लिंडा, चार्ली, बर्नार्ड आणि मुलगे स्वयंपाकघराच्या भिंतीच्या रेषेतून सरळ पुढे येतात, ते कुणाच्या डोक्यात? काही दिग्दर्शक नियम पाळायचा म्हणून त्यांना दारातून आणतात. मला ते चुकीचं वाटतं. संहितेत भिंत ओलांडायला सांगितलंय, तर ओलांडा. त्या घराचा शेवटचा हप्ता लिंडानं त्याच दिवशी भरलाय, आणि आता त्या भिंती पाळणारं तिथे कुणी उरलेलं नाही.