छज्जाखालचा काळा पोपडा

पावसाळा सरल्यावर नागपूरच्या महाल भागातल्या एखाद्या जुन्या, चुन्याच्या गिलाव्याच्या वाड्यासमोर उभे राहा. पावसाचा मारा झेलणारी भिंत बऱ्यापैकी उजळ दिसते. छज्जाखाली आणि नक्षीच्या खाचांत मात्र काळेकुट्ट. धूळ बसलीय, असे वाटते. पण नखाने खरवडलेत तर तो थर पोपडा होऊन निघतो आणि आतला गिलावा पिठासारखा बोटाला लागतो.

हा पोपडा जिप्समचा. चुन्याचा गिलावा, चुनखडक, संगमरवर, सगळ्यांत मुख्यतः कॅल्शियम कार्बोनेटच. कोळसा, डिझेल जळून निघणारा सल्फर डायऑक्साइड ओलसर भिंतीवर गंधकाम्ल होतो आणि त्या कार्बोनेटचे जिप्सम करतो. काजळीही नुसती काळे फासून थांबत नाही. तिच्यासोबत येणारे लोखंडासारखे धातू ही क्रिया आणखी भरभर घडवतात. वाढत्या स्फटिकांत कण अडकतात, म्हणून रंग काळा. जिप्समला मूळ कार्बोनेटच्या जवळपास दुप्पट जागा लागते, त्यामुळे थर फुगतो आणि सुटतो.

उजळ भिंतीचे दुखणे तर दिसतही नाही. साध्या पाण्यात जिप्सम कार्बोनेटपेक्षा शंभरपटीहून जास्त विरघळते. तयार झालेले जिप्सम पाऊस धुऊन नेतो आणि दर वर्षी भिंत थोडी थोडी झिजते.

कोराडी आणि खापरखेड्याची वीजकेंद्रे नागपूरच्या उशालाच. आपल्या कोळशात गंधक कमी, साधारण अर्धा टक्का. राख मात्र 30 ते 40 टक्के. पण जळणारा कोळसाच इतका, की अर्धा टक्काही थोडा नव्हे. वाड्यांची काळ्या पाषाणाची जोती त्या मानाने टणक. त्यात कॅल्शियम कार्बोनेट जवळजवळ नाहीच. हायकोर्टाच्या इमारतीसारख्या वालुकाश्माच्या बांधकामात वाळूचे कण टिकतात. खरा प्रश्न दगडात त्यांना धरून ठेवणाऱ्या नैसर्गिक मसाल्याचा.

गंमत म्हणजे, ताजमहालाच्या प्रदूषणाचा अभ्यास करणाऱ्यांत आपल्याच नागपूरची नीरी ही पर्यावरण संशोधन संस्था होती. सुप्रीम कोर्टाने 30 डिसेंबर 1996 रोजी ताजभोवतीच्या 292 कारखान्यांना कोळसा सोडून गॅसवर या, नाहीतर जागा बदला, असे बजावले, त्या निकालात नीरीच्या अहवालांचाही आधार होता.

आमच्या घरी मात्र दिवाळीच्या रंगकामात रंगाऱ्याने तारेच्या ब्रशने सगळा काळा थर घासून काढला. थरासोबत नक्षीतल्या वेलीची पानेही गेली. वर प्लास्टिक पेंट मारला. चुन्यातली ओल आत कोंडली आणि तिसऱ्या पावसाळ्यात रंगच तळहाताएवढ्या तुकड्यांनी गळू लागला. आता तिथे साधी चुन्याची सफेदी आहे.