बैलाचा खांदा

पोळ्याच्या आदल्या संध्याकाळी आमच्या यवतमाळकडं खांदशेकणी असते. डवरणी उरकलेली, बैल धुऊन गोठ्यात उभे. घरधनी लोणी-हळद खांद्यावर चोळतो आणि बैलाच्या कानाशी म्हणतो, "आज आवतन घ्या, उद्या जेवाले या." हाताखाली वशिंडाच्या पुढची, जू टेकतं तिथली, राठ कातडी लागते.

ओढीचा सगळा दाब त्या वीतभर जागेवर येतो. रोजच्या घासण्यानं तिथं घट्टा पडतो. पावसानं कातडी नरम पडली, किंवा जोडीतला एक बैल उंच आणि दुसरा ठेंगणा असला, की खांदा सोलवटतो, सुजतो. त्यावर उपाय साधे आहेत: रुंद, गुळगुळीत जू, बरोबरीची जोडी, आणि खांदा सुजला तर कामाला सरळ सुट्टी. हे झालं प्राणिकल्याण. ब्रिटनच्या ब्रॅम्बेल समितीनं 1965 मध्ये म्हटलं, की पाळीव जनावराला निदान उठता-बसता, वळता, अंग चाटता आणि पाय ताणता आलं पाहिजे. पुढं त्यातूनच भूक-तहान, गैरसोय, दुखणं, भीती यांपासून मुक्तता आणि स्वभावाप्रमाणं वागण्याची मोकळीक, अशी पाच स्वातंत्र्यं ठरली. यातलं बरंच मोजता येतं: जखमा, लंगडणं, रक्तातलं कॉर्टिसॉल हे ताणाचं संप्रेरक. (वर्षातून एकदा लावलेल्या लोण्यानं त्यात फारसा फरक पडत नसावा.)

प्राण्यांनाही हक्क आहेत असं मानणाऱ्या हक्कवाद्यांचा प्रश्न या मोजमापाच्याही आधीचा आहे: जू ठेवलंच का? अमेरिकी तत्त्वज्ञ टॉम रेगन यांनी 1983 मध्ये मांडलं, की ज्याचं आयुष्य त्याच्या स्वतःसाठी बरं किंवा वाईट जाऊ शकतं, तो जीव दुसऱ्याचं साधन नव्हे. मग वेसण सैल की घट्ट, हा वाद गौण. ऑस्ट्रेलियन तत्त्वज्ञ पीटर सिंगर यांना लोक याच गोटात बसवतात, पण त्यांचा 1975 चा युक्तिवाद हक्कांवर नाही, वेदनेवर उभा आहे.

शंकरपटाच्या, म्हणजे बैलांच्या शर्यतींच्या, खटल्यात हे दोन्ही विचार समोर आले. 2014 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं पाच स्वातंत्र्यांचा आधार घेत बैलांच्या शर्यती थांबवल्या आणि जगण्याच्या हक्काची भाषाही वापरली. 2023 मध्ये घटनापीठानं शर्यतींना परवानगी देणारी महाराष्ट्राची कायदादुरुस्ती मान्य केली. प्राण्यांना मूलभूत हक्क दिल्याचा दाखला आपल्याकडं नाही, असंही म्हटलं. पट तर न्यायालयाच्या 2021 च्या अंतरिम परवानगीनंतरच पुन्हा सुरू झाले होते, अटींसह.

गावात हा विषय काढला की उलटा सवाल येतो, "जू काढलं तं याले कुटार कोन टाकीन?" हक्कवाद्यांचं उत्तर ठरलेलं आहे: आहेत ते मरेपर्यंत सांभाळा, नवे जन्माला घालू नका. ट्रॅक्टर आलेल्या गावांत यातली दुसरी गोष्ट कुणी न सांगताच होते आहे.